कोरासांवचा डबा

१७ सप्टेंबर १९६१

फेलिसिदादच्या सातव्या दिवसाची मीस, म्हणजे प्रार्थना, झाली. चर्चमधून लोक घरी आले, कॉफी घेऊन गेले. आता घरात मी आणि सेलेस्तीन — माझी थोरली बहीण, कुडाळहून आलीय. म्हणते, माका घाई नाय. म्हणजे राहणार.

खिडकीतल्या डब्याला आठवडाभर कोणी पाणी घातलं नव्हतं. पानं लोंबत होती. तांब्याभर घातलं. संध्याकाळी पुन्हा उभी राहिली!

फेलिसिदाद शेवटी बोलली ती याच्याबद्दलच. "डबो उनांत दवरूं नाका." उन्हात ठेवू नको. मग ताप चढला, पुढे काही नाही. बायकोने नवऱ्याला शेवटचं सांगावं ते हे! वाईट वाटत नाही. तिचं तसंच होतं.

२४ सप्टेंबर

पानं पुसली. ओलं फडकं, पानाखाली हात धरून. समुद्रावरचं खारं वारं पानांवर बसतं, म्हणून दुपारी पश्चिमेची खिडकी लोटून घ्यायची. हे सगळं ती करताना मी कधी पाहिलं असेन असं वाटत नव्हतं. पाहिलं होतं.

पान मधे तांबडं, कडेला हिरवं. तिच्या माहेरी याला कोरासांव म्हणतात — काळीज. मालवणात दुसऱ्या कोणाकडे पाहिलं नाही. सेलेस्तीनला कौतुक नाही. परसात पावसाळ्यात रानअळू उगवतं, तेरा, तिची भाजी तिला प्रिय. म्हणते, "तेरोच तो. शिमग्याक रंगयलेलो."

हसू आलं. आणि लगेच मागे वळून पाहिलं, दुसरं कोणी हसतंय का.

८ ऑक्टोबर

लग्नानंतर म्हापशाजवळच्या तिच्या घरून निघालो तेव्हा मांयने, म्हणजे सासूने, ओल्या मातीत गुंडाळलेला कोरासांवचा एक कांदा तिच्या हातात ठेवला. म्हणाली, "मेलें जाल्यार दुसरें व्हरूंक यो." मेलं तर दुसरं न्यायला ये. त्या घरात लेकीला असंच देतात. झाड मेलं की माहेरी यायला कारण.

ते काही मरेना. फेलिसिदाद त्याच्यावर डाफरायची — मर रे एकदा, माका घरा वचूंक जाय. न मरताही मे महिन्यात जायचीच. म्हणायची, मांयला खोटं सांगेन.

पंचावन्न साली गोव्याची वाट बंद झाली. त्यानंतर तिने झाडाला कधी 'मर' म्हटलं नाही.

मांयला मुंबईच्या एका पाद्रींमार्फत कळवलंय. पोचलं की नाही, कसं समजणार?

५ नोव्हेंबर

पानं पिवळी पडताहेत. पाणी वाढवलं.

१९ नोव्हेंबर

एकच पान उरलं. काल शाळेत मुलांना गणित घालून बसलो आणि डोक्यात डबा. घरी येऊन आधी खिडकीशी गेलो. सेलेस्तीन ताट घेऊन मागे उभी — "बस्त्यांव, जेव आधी. झाडापरास तूच सुकलस."

२६ नोव्हेंबर

शेवटचं गेलं. देठाला हात लावला, हातातच आला.

तिने इतकी वर्षं सांभाळलं. मला एक पावसाळा जमला नाही.

१९ डिसेंबर

बाजारात रेडिओवर सांगितलं, गोवा मोकळा झाला! शाळा सोडून दिली. मुलं ओरडत गेली. फटाके वाजत होते. मी जवळजवळ धावत घरी आलो, दारातून हाक मारायला तोंड उघडलं — आणि तसाच उभा राहिलो.

तीन महिने. तीन महिने थांबली असती तर.

मे महिन्याच्या सुट्टीत जायचं ठरवलं. डबा घेऊन. मांयला दाखवायचं, तुमच्या लेकीने हे मरू दिलं नाही. तोवर फुटलं पाहिजे. आता सकाळ-संध्याकाळ पाणी. शेणखतही घातलं.

२४ डिसेंबर

आमच्याकडे नाताळचा गोठा दर वर्षी त्याच खिडकीत मांडतात. सेलेस्तीन म्हणाली, डबा हलव. उचलला. पलंगाखाली सरकवायला वाकलो तर तिथे लादीवर गंजाचा गोल डाग. जुना. डबा त्यावर बरोबर बसला.

म्हणजे दर वर्षी डबा ह्या दिवसांत इथेच असायचा. गोठ्याला जागा हवी म्हणून ती खिडकी मोकळी करते, एवढंच मी समजत आलो. पावसाच्या तोंडावर डबा परत खिडकीत यायचा, पानांसकट. मधे तो कुठे असतो, कसा असतो, कधी विचारलं नाही. कशाला विचारणार? ती होती.

सेलेस्तीनला म्हटलं, पानं नसताना ती याला पाणी घालत नसेल. ती गोठ्यात गवत पसरत होती. वर न बघता म्हणाली, "करांद्यांका पावस सरल्यार कोण पाणी घालता रे? जमनीतले कांदे ते, निजतत." एवढे दिवस का बोलली नाहीस, विचारलं. तर म्हणे, मी समजले तू बायकोसाठी घालतोस पाणी. झाडासाठी कुठे?

मातीत बोट घातलं. कांदा मऊ. कुजका वास.

२६ डिसेंबर

मी बाहेर असताना सेलेस्तीनने डबा मोरीमागे ओतून टाकला. घरभर वास सुटला होता म्हणे. मी तिला बोललो. जन्मात पहिल्यांदा बोललो असेन.  तिने डबा राखेने घासला, उन्हात वाळवला, खिडकीत आणून ठेवला. बाळ येशू, मेंढरं, आणि शेजारी बिस्किटांचा गंजका डबा.

४ मार्च १९६२

मेलें जाल्यार दुसरें व्हरूंक यो. मांयचेच शब्द. रिकामा डबा नेला तर चालणार नाही का? नवं कोरासांव मागायचं. या वेळी झोपू देईन त्याला.

ठरलं, जायचंच.

११ मे

कालच परतलो. आज लिहवतंय.

बांद्यापर्यंत एसटी, पुढे दुसरी गाडी, मग चालत. नाक्यावर कोणी अडवलं नाही. इतकी जवळची वाट! घराच्या सोप्यावर मांय बसली होती. अंगात काळे कपडे. म्हणजे कळलं होतं.

माझ्या हातातला डबा पाहून ती इतक्या घाईने उठली की मीच घाबरलो. दोन्ही हातांनी घेतला, आत पाहिलं. "रितो?"

म्हटलं, मेलं. माझ्या हातून मेलं. दुसरं न्यायला आलोय.

ती खाली बसली. तिने पायऱ्यांकडे बोट केलं. दोन्ही बाजूंना कुंड्या, सगळ्या रिकाम्या. वाट बंद झाली त्याच वर्षी घुशींनी कांदे खाल्ले, एक ठेवला नाही. "हांवें म्हळें, म्हज्या चेडवागेर आसा न्ही." आपल्या लेकीकडे आहे — एवढ्यावर ही बाई राहिली होती.

जेवायला वाढलं. फेलिसिदाद शेवटी काय बोलली, विचारलं. खरं ते सांगितलं, डबा उन्हात ठेवू नको. मांय हसली. मग रडू लपवायला पदर नव्हता, तोंडाला हातच लावले.

निघताना 'परत यो' म्हणाली नाही. मीही 'तुम्ही या' म्हटलं नाही. काय कारण देणार? डबा तिच्याकडेच राहिला. मागवेना.

१ जुलै

रविवार. सेलेस्तीन तेरा कापायला मोरीमागे गेली आणि तिथूनच मला हाका मारू लागली. गेलो. ती विळा खाली धरून उभी. "तुझ्या बायलेचा काळीज विळ्याखाली येता येता ऱ्हवला."

तेऱ्याच्या गर्दीत, रुपयाएवढं पान. मधे तांबडं.

आम्ही दोघं पावसात उभे. मी उपटून डब्यात लावणार होतो — डबा तर मांयकडे. तेच बरं. झावळीचा आडोसा केला. आज भाजी नाही, सेलेस्तीन म्हणाली, आता हयसर कोण विळो लावता?

२ जुलै

मांयला कार्ड टाकलं. तिच्याच भाषेत, चुका असतील —

कोरासांव जिवें आसा. डबो घेवन दुसरें व्हरूंक यो.