अकरा चिठ्ठ्या

मट्टांचेरी,
८ फेब्रुवारी २०१८

प्रिय प्रागजीस,

सर्वोत्तमचा नमस्कार, आणि झवेरबेनना जलजाक्षीचा. गुडघ्याचं ऑपरेशन नीट झालं, काठी घेऊन मांडवीच्या धक्क्यापर्यंत जाऊन येतोस, असं तुझ्या मुलाने कळवलं. बरं वाटलं. आम्ही दोघं ठीक आहोत. बाजारात कोवळ्या कैऱ्या आल्यात आणि जलजाक्षीने घरातल्या सगळ्या बरण्या उन्हात मांडून ठेवल्यात, मला पाय ठेवायला जागा नाही. तुझ्यासाठी एक बरणी बाजूला काढायची तिची सवय अजून गेलेली नाही. कच्छपर्यंत ती पोचणार कशी हे विचारलं की चिडते.

दिवाळीला तुझा फोन आला तेव्हा मी नुसतं हो-हो करत होतो, झवेरबेन त्यावरून रागावल्या, तेही कळलं. त्याचं कारण पुढे येईल. खरं तर ते पहिल्याच ओळीत लिहायचं होतं. हा चौथा कागद आहे.

शेर्ली तुला आठवत असेल. वर्कीची धाकटी, दोन वेण्या घालून बापाला डबा द्यायला यायची ती. वर्कीचं नाव निघालं की तू विषय बदलतोस हे मला माहीत आहे, पण आज वाचत राहा. दुबईच्या हॉटेलातली नोकरी सोडून ती परत आली त्याला चार वर्षं झाली. आता पाहुण्यांना गाव दाखवते. एका वेळी आठच जण, नववा घेत नाही. नववा माणूस आला की शेवटच्याला ऐकू जात नाही, असं तिचं म्हणणं.

गेल्या गुरुवारी सकाळी ती स्कूटरवरून दारात आली. इंग्लंडचं एक जोडपं पोट बिघडून हॉटेलात पडलं होतं, दोन जागा रिकाम्या. म्हणाली, "पै अंकल, तुम्ही दोघं चला. मी काय सांगते ते ऐका आणि चुकलं तर कान धरा. बाजाराबद्दल विचारायला आता माणसंच राहिली नाहीत."

मी नको म्हणत होतो. जलजाक्षी आतून म्हणाली, "सत्तर वर्षं या गावात काढून ह्यांनी त्या मोठ्या चर्चचं दार ओलांडलेलं नाही. घेऊन जा. परत नाही आणलंस तरी चालेल." स्वतः मात्र बरण्यांची राखण करत बसली. तेव्हा मी एकटाच गेलो.

सहा पाहुणे होते. पोर्तुगालच्या मायलेकी, एक जर्मन जोडपं, आणि कलकत्त्याचे एक प्रोफेसर बायकोसह. प्रोफेसरना प्रत्येक भिंतीचं साल हवं होतं. चिनी जाळ्यांपाशी पोर्तुगालच्या मुलीने कोळ्यांबरोबर दोर ओढला. जाळं वर आलं, त्यात एक खेकडा आणि एक चप्पल. सगळे हसले. मला तू दिसलास. नाकाला रुमाल लावून इथे उभा राहायचास, मासळीच्या वासाने कासावीस व्हायचास, तरी बाजार सुटला की रोज इथूनच घरी जायचं म्हणायचास. ओरडून तापलेला घसा निवायला समुद्राचा वारा लागतो म्हणे. मी, तू आणि वर्की. वर्की मुद्दाम मासा हातात घेऊन तुझ्या मागे धावायचा, आणि तू धोतर सावरत पार कस्टम्सच्या जेटीपर्यंत पळायचास. एकदा पोलिसाने तुला चोर समजून अडवलं. वर्कीने गंभीर चेहरा करून सांगितलं, "साहेब, मासे चोरलेत याने." वैष्णवाच्या पिशवीत तेव्हा फक्त सुंठ होती.

चर्चच्या आत गेलो. गार वाटलं, बाकावर बसून राहावंसं वाटलं. डच दफनभूमीला कुलूप होतं, प्रोफेसरांनी फाटकातूनच साल लिहून घेतलं. मग व्हॅनमधून आमच्या बाजूला आलो. गुजराती गल्लीतून जाताना शेर्लीने ड्रायव्हरला गाडी हळू घ्यायला सांगितली. तुझं घर आता पाहुण्यांना खोल्या देतं. गॅलरीला पिवळा रंग मारलाय, तुळशीच्या जागी प्लास्टिकच्या खुर्च्या आहेत. शेर्ली म्हणाली, "या घरात एक व्यापारी राहायचे. त्यांनी बाजारात भाव पुकारला की बोटीच्या धक्क्यावर ऐकू यायचा." तुझं नाव तिने घेतलं नाही. मी खिडकीबाहेर बघत राहिलो.

नंतर आपला हॉल, मिरीच्या सौद्यांचा.

खाली गालिचे आणि पितळी दिवे विकतात. वरचा मजला तसाच ठेवलाय. तो गोल कठडा आहे, भिंतीला लागून फोनच्या केबिनी आहेत, तुझी सतरा नंबरची, दाराची कडी तुटलेली ती, तशीच आहे. इतक्या वर्षांनीही लाकडात मिरीचा वास आहे. मी आत गेल्या गेल्या तीन शिंका दिल्या. जर्मन बाईने मला गोळी देऊ केली.

शेर्लीने छान सांगितलं, प्रागजी. कान धरायची वेळ आली नाही. बोटं आपल्याकडे वळवली की घेणार, बाहेर वळवली की देणार. पन्नास माणसं एका वेळी ओरडायची आणि तरी कोणाचा सौदा कोणाशी झाला यावर भांडण व्हायचं नाही. शब्दाला किंमत होती, असं ती म्हणाली. प्रोफेसरांनी विचारलं, "एवढं चांगलं चाललं होतं तर बंद का केलं?"

ती म्हणाली, "कॉम्प्युटर आणायचा की पुकारा चालू ठेवायचा, यावर कमिटीच्या अकरा जणांनी पेटीत चिठ्ठ्या टाकल्या. सहा जणांनी आधी एकमेकांना शब्द दिला होता, पुकारा चालू ठेवायचा म्हणून. पेटीतून त्या बाजूच्या पाचच निघाल्या. सहावा फिरला. तो माझा बाप होता, असं बाजार म्हणतो."

भरती-ओहोटीची वेळ सांगावी तशा आवाजात तिने हे सांगितलं. प्रोफेसर गडबडले. ती म्हणाली, "मी आधीच सांगून टाकते. नाही तर उतरताना खालचा गालिचेवाला सांगतो."

ती दुपार तुला आठवतेच. सतरा नंबरच्या केबिनीत आपण सहा जण कोंबून उभे होतो, आणि तू सगळ्यांचे हात एकावर एक ठेवायला लावलेस. सर्वांत खाली तुझा, त्यावर माझा. तासाभराने मोजणी झाली. तू आम्हा पाचांकडे एकेक करून पाहिलंस, आणि तुझी नजर वर्कीवर थांबली, कारण त्याचा थोरला बंगलोरला कॉम्प्युटरच्या कामात होता. वर्की एवढंच म्हणाला, "मी नाही." तू म्हणालास, "मग कोण?" मी तुझ्या उजव्या हाताला उभा होतो. मी पंख्याकडे बघितलं.

ती चिठ्ठी माझी होती.

लिहिलं. आता कारणही लिहितो. त्याने काही हलकं होत नाही, पण तुला ते कळायला हवं. त्याच्या दोन वर्षं आधीपासून मला ऐकू येईनासं झालं होतं. आधी बायकांचे आवाज गेले, मग देवळातली घंटा बारीक झाली. हॉलमध्ये तर नुसता गोंगाट, त्यातून आकडा वेगळा काढता येईना. मी तुझ्या शेजारी उभा राहायचो ते मैत्रीसाठी, असं तुला वाटायचं. मी तुझी बोटं वाचत होतो. तुझ्या बोटांवर मी दोन वर्षं धंदा केला. एकदा अब्दुल्लाशेठचा भाव चुकीचा ऐकला आणि दोष कारकुनावर ढकलला. त्या रात्री ठरवलं की हे लवकरच उघडं पडणार. बहिरा दलाल म्हणून लोक हसणार, आणि मला हॉलमधून हात धरून बाहेर काढणार. पडद्यावर आकडे आले की कान लागणार नव्हते. एवढाच विचार. तुझ्या आवाजाचं काय होईल, हे चिठ्ठी घडी करताना मनात आलं होतं. आलं नव्हतं असं म्हणून आणखी एक खोटं जोडत नाही.

आणि मशीन आलं तेव्हा मला तेही जमलं नाही. वर्षभरात मीही घरी बसलो. कानातलं यंत्र जलजाक्षीच्या हट्टाने परवा-परवा घेतलं. समोरचं माणूस त्यात ऐकू येतं, फोन येत नाही. म्हणून हो-हो.

तर गुरुवारी हॉलमध्ये शेर्ली मला म्हणाली, "अंकल, एकदा पुकारून दाखवता? यांनी कधी ऐकलेलं नाही." सगळे माझ्याकडे वळले, पोर्तुगालच्या मुलीने मोबाइल वर धरला. मी कठड्यापाशी गेलो, बोटं वर केली, आणि आवाजच निघेना. मग मी तिला मल्याळममध्ये सांगितलं. चार वाक्यं. तुझा बाप नव्हता. मी होतो. मला ऐकू येत नव्हतं. तो गेला तरी मी बोललो नाही. बोटं तशीच वर होती, खाली घ्यायचं सुचलं नाही. पाहुण्यांना वाटलं हाच तो पुकारा. जर्मन गृहस्थांनी टाळ्या वाजवल्या.

प्रोफेसरांनी विचारलं, "काय म्हणाले हे?"

शेर्ली जिन्याकडे वळली. मग म्हणाली, "माझ्या वडिलांबद्दल सांगत होते." आणि सगळ्यांना जिन्याने खाली घेऊन गेली. सुंठीचं गोदाम दाखवलं, सगळ्यांना मसाल्याचा चहा पाजला, प्रत्येकाला हॉटेलच्या दारात सोडलं. एक शब्द कमी केला नाही. शेवटी व्हॅनमध्ये मी एकटा उरलो. तेव्हा ती मागे वळली.

"अंकल, तुम्ही दर नाताळला आमच्याकडे येऊन केक खाल्लात."

मी म्हणालो, "हो."

"अप्पा तुम्हाला स्वतः कापून द्यायचे. अम्माने दहा वर्षं, अप्पा गेल्यावरही, गुजराती गल्लीतून जाणं सोडलं, बाजाराला लांबच्या रस्त्याने जायची. तुम्ही तिला त्या रस्त्यावर भेटायचात. पिशवी घ्यायचात हातातली."

"हो."

"अप्पांच्या मातीला तिने तुम्हाला विचारलं, प्रागजीभाई नाही आले? तुम्ही काय सांगितलंत?"

तू मला सांगितलं होतंस की तू येणार नाहीस, फिरलेल्या माणसाला खांदा देणार नाहीस. मी एलियम्माला सांगितलं होतं की तुला ताप आहे.

शेर्ली रडली नाही. रडली असती तर मला बरं झालं असतं, हे तिला कळलं असावं. घरापाशी उतरवताना म्हणाली, "मला काही नको. अम्माला तुम्ही स्वतः सांगा. माझ्याकडून ऐकायला लावू नका."

शनिवारी गेलो. जलजाक्षीला आदल्या दिवशी सांगितलं होतं. ती दिवसभर माझ्याशी बोलली नाही, पण निघताना बरोबर आली. एलियम्मा एक्क्याऐंशीची आहे, डोळ्यांनी कमी दिसतं, बाकी सगळं तिखट. मी सगळं सांगितलं. ती वर्कीच्या फोटोकडे वळून बसली होती, मला पाठच दिसत होती. तशीच बसून तिने विचारलं, "प्रागजीला सांगितलंस?"

मी म्हणालो, "अजून नाही."

"मग माझ्याकडे आधी कशाला आलास? वर्कीला माझ्याकडून काही नको होतं. त्याला प्रागजीकडून हवं होतं. शेवटच्या आजारातसुद्धा दारात कोणाची चप्पल वाजली की विचारायचा, तो आला का." मग जलजाक्षीकडे वळून म्हणाली, "याला घेऊन जा. प्रागजीला लिहू दे. तोपर्यंत मी याला चहा देणार नाही."

म्हणून हे पत्र. तू सात वर्षं एका चांगल्या माणसाशी बोलला नाहीस, तो गेला तेव्हा पाच मिनिटांच्या अंतरावर घरात बसून राहिलास. ते तू केलंस, पण करायला मी लावलं. ते ओझं तुझं नव्हे. तुला माहीत असतं तर तू तेव्हाच ओरडून मला हॉलबाहेर काढलं असतंस आणि आठवड्याने स्वतःच बोलवायला आला असतास. हेही मला तेव्हा माहीत होतं.

मला उत्तर लिहू नकोस असं म्हणवत नाही. पण आधी एलियम्माला फोन कर. दुपारी चारनंतर ती जागी असते, नंबर मागच्या बाजूला लिहिलाय. तिला ऐकू उत्तम येतं, तुला मोठ्याने बोलावं लागणार नाही. काय बोलायचं ते तुझं तू ठरव. वर्कीचं नाव तेवढं घे. त्या घरात तुझ्या तोंडून ते फार वर्षांत गेलेलं नाही.

झवेरबेनना हे वाचून दाखवायचं की नाही, तेही तूच ठरव. जलजाक्षी म्हणते, लोणच्याची बरणी ती पाठवणारच, त्याचा आणि माझा काही संबंध नाही.

पत्राच्या शेवटी 'तुझा' लिहायची सवय पन्नास वर्षांची आहे. आज ती जागा मोकळी सोडतो.

सर्वोत्तम पै