रोसाल्बाच्या खोलीची फरशी

प्रिय रोसाल्बा, माझ्या बये,

फोनवर तू दरवेळी एकच विचारतेस, आई, बाबांना बघायला एकदा येऊन जाऊ का? आणि मी दरवेळी मक्याचं, कोंबड्यांचं काहीतरी काढून विषय बदलते. तुझ्याकडे तिकडे राहायचे कागद नाहीत. इकडे येणं सोपं, पण परत जायचं म्हणजे पुन्हा चोरून सरहद्द ओलांडायची, पुन्हा ते वाळवंट, आणि पलीकडे तुझी दोन लेकरं. हे मला फोनवर धड बोलता येत नाही गं. शेजारच्या ओतिलियाचा जावई परवा तिकडे निघालाय, त्याच्याकडे कागद आहेत. त्याच्या हाती हे पत्र देते.

आधी तुझ्या खोलीचं सांगते. तुझ्या डॉलरांतून बांधलेली, फोटो बघून तू निवडलेली ती पांढरी फरशी. तिकडे गेलेल्यांची अशी एकेक खोली इथे घरोघरी आहे, गादीवरचं प्लास्टिकसुद्धा न काढलेली. मी तर तिथे कुणाला पाऊल टाकू दिलं नाही. आणि तुझ्या बाबांनी नेमकी तीच जागा धरली! डोकं विसरायला लागल्यापासून लघवी लागली की तडक तुझ्या खोलीत, खिडकीखालच्या कोपऱ्यात. मी ओरडले, अहो क्रेसेन्सिओ, लाज सोडलीत की काय? तर शांतपणे म्हणतात कसे, अगं, पेरूच्या झाडाशी तर आलोय. मग माझ्या लक्षात आलं. खोली बांधायच्या आधी तिथे पेरूच होता, आणि जन्मभर ते त्याच्याच बुंध्याशी जायचे. त्यांना भिंत दिसतच नव्हती.

मी आपलं इथल्या सगळ्या बायका करतात तेच केलं, ब्लीचची बाटली ओतली. आम्हाला काहीही घासायचं म्हटलं की ब्लीच! ओल्या लघवीवर ते पडलं मात्र, असा वाफारा उठला की मी खोकत खोकत अंगणात येऊन बसले. मग पाइनच्या वासाचं फिनेल आणलं. ओतिलिया डोकावली आणि पोट धरून हसली. म्हणाली, अगं फिदेन्सिया, हा तर पाइनच्या जंगलात कुणीतरी मुतल्याचा वास! वरून अत्तर शिंपडून काय होतंय, मूत फरशीच्या सांध्यांत मुरलंय. तिनेच शिकवलं. आधी फडक्याने दाबून टिपून घ्यायचं, घासायचं नाही. मग नुसतं पाणी आणि व्हिनेगर सांध्यांत मुरू द्यायचं, पुसायचं, वर खायचा सोडा भुरभुरायचा आणि वाळेपर्यंत हात लावायचा नाही. ब्लीच आणि व्हिनेगर मात्र चुकूनही एकत्र नको, जीवच जायचा. एवढं करून वास जायचा, आणि हवा जरा दमट झाली की मेला पुन्हा जागा व्हायचा. पुन्हा मी गुडघ्यांवर, हातात जुना टूथब्रश. हे दारात उभे राहून म्हणायचे, बाई, तुम्ही किती राबता हो, बसा जरा. मला ओळखत नव्हते. पण तुझं नाव घ्यायचे. म्हणायचे, सरका बाई, वर रोसाल्बा चढलीय, पेरू डोक्यात पडेल.

फोनवर मी यातलं थोडंसं बोलून गेले तेव्हा तू म्हणालीस, खोलीला कुलूप लाव. लावलं एक दिवस. सगळी दुपार त्या दारापाशी उभे होते, विजारीचा नाडा धरून, पोरासारखे रडत. मला बघवेना. कुलूप काढलं आणि म्हटलं, जा, खुशाल जा, फरशी काय, धुता येते.

आता मन घट्ट कर, पोरी. बाबा गेले. दुपारी जेवून पडले ते उठलेच नाहीत. त्यांना तुझ्याच खोलीत ठेवलं, शवपेटीखाली फरशीवर चुन्याचा क्रूस काढला, नऊ संध्याकाळी जपमाळ म्हटली, आणि काल, नववा झाल्यावर, रीतीप्रमाणे तो चुना झेंडूच्या पाकळ्यांनी गोळा करून त्यांच्या थडग्यावर नेऊन घातला. या दिवसांत तुझा फोन आला तेव्हा मी म्हटलं, झोपलेत. सगळे विचारत होते, रोसाल्बाला कळवलंस का? कशी कळवू? तू त्याच संध्याकाळी निघाली असतीस, मी ओळखत नाही का तुला! आणि परतीच्या वाटेवर तुला काही झालं असतं तर? ब्रायन मोठा आहे, पण लेस्लीला अजून स्वतःची वेणी घालता येत नाही. नवरा मातीत घातला, लेक नाही घालणार. मला शिव्या दे, बोलू नकोस वर्षभर, बापाचं शेवटचं तोंड पाहू दिलं नाही म्हणून जन्मभर राग धर. तुझा हक्कच आहे. पण येऊ नकोस. इथे आता मी एकटीच आहे, आणि तुझी वाट बघायची मला सवय आहे.

तुझीच, तुझ्यापासून हे लपवणारी,
आई