लुबोर कालाबने बोलावे म्हणून

मी, ब्लांका स्कोपालोवा, वय एक्याऐंशी, राहणार ब्र्नो, नाटकात अडलेल्या नटाला पुढचे वाक्य कुजबुजून देण्याचे काम जन्मभर केलेली, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाविना स्वहस्ते लिहीत आहे. स्वहस्ते लिहिले की साक्षीदार लागत नाहीत म्हणे. तरी दोन घेतले आहेत, कारण माझी नाटकमंडळी मला चांगली ठाऊक आहेत.

एक. शहरातील घर व बँकेतील शिल्लक माझी भाची रादका हिला द्यावी. स्वयंपाकघरातले टेबल मात्र तिने मोडीत काढू नये. एका निषेधपत्रावर सही केली म्हणून तेव्हाच्या कम्युनिस्ट सरकारने आमच्या नाटकघरातला नट लुबोर कालाब याला रंगमंच आणि सिनेमा बंद केला, तेव्हा तो दिवसा बॉयलरखान्यात कोळसा ओढायचा आणि संध्याकाळी याच टेबलाभोवती स्वतः लिहिलेली नाटके करायचा. राजा तोच, राणी तोच, राजाचा म्हातारा कुत्राही तोच. तो कुत्रा मेला तेव्हा खालच्या मजल्यावरच्या बाई हमसून रडल्या होत्या. पुढे बंदी उठल्यावर त्याने सिनेमे लिहिले, काढले, त्यांत कामे केली. एका चित्रणात बदक जागचे हलेना, तर पठ्ठ्याने तिथल्या तिथे बसलेल्या बदकाचा प्रवेश लिहिला. मी पुष्कळ नट पाहिले. एका माणसात इतकी माणसे नांदताना दुसरीकडे कुठे पाहिली नाहीत.

दोन. आमच्या नव्या दिग्दर्शकाला माझ्याकडून काहीही देऊ नये. याने माझी रंगमंचाच्या कडेची खुर्ची काढून मला मागच्या खोलीत बसवले आणि नटांच्या कानात यंत्र घातले. लुबोर अडला की मी नुसता श्वास घ्यायचे, तेवढ्याने त्याला वाक्य आठवायचे. यंत्र आल्यावरच्या पहिल्याच प्रयोगाला तो अडला, त्याने माझ्या जागेकडे पाहिले, तिथे कुणी नव्हते. यंत्रातून मी वाक्य दोनदा सांगितले. तो तसाच उभा राहिला आणि पडदा पाडावा लागला.

तेव्हापासून त्याने रंगमंचावर पाऊल ठेवलेले नाही. परवा माझ्याकडे जेवायला आला होता.

"ब्लांका, मी संपलो गं. डोक्यात काही राहत नाही."

"आलुबुखारचे गोळे आज आहेत हे बरं राहिलं."

"ते पोटात राहतं."

"मग पोटाने बोल. नाहीतरी निम्मी नाटकं तू तशीच केलीस."

तो हसला, पण डोळे पुसत. मला त्याचा फार राग आला आणि फार मायाही.

तीन. नदीकाठची लाकडी झोपडी, आलुबुखारच्या झाडासह, लुबोर कालाब यास द्यावी. अट एकच. मी गेल्यावर आमच्या नाटकघराच्या रीतीप्रमाणे मला शवपेटीतून रंगमंचावर आणून शेवटच्या टाळ्या द्याव्यात आणि त्याआधी निरोपाचे भाषण लुबोरने करावे, कागद न घेता. तो न बोलल्यास झोपडी शेजारी मिखालिक यांना जावी. ते झाड तोडून मोटार उभी करायला जागा करणार आहेत, आणि लुबोरचे त्यांच्याशी पटत नाही. याला जबरदस्ती म्हणत असाल तर खुशाल म्हणा.

चार. शवपेटी मधोमध ठेवू नये. डाव्या कडेला, माझी खुर्ची असायची तिथेच ठेवावी.

पाच. बोलताना लुबोर अडला तर कुणीही शब्द पुरवू नये, खोकू नये, मदतीला धावू नये. तो त्या कडेला बघेल. बघू द्यावे. मी तिथेच असेन, पण या खेपेला श्वास तुलाच घ्यावा लागेल, लुबोर. घे, आणि बोल.

ब्र्नो, ४ ऑक्टोबर २००९
(सही) ब्लांका स्कोपालोवा

साक्षीदार:
(सही) व्होइतेख ड्र्लिक, रंगमंचाचे सुतार
(सही) यार्मिला पोस्पेखोवा, उपाहारगृह. लुबोरला यातले काही सांगणार नाही, अशी शपथ घेतली आहे.