फाटकाशी वाजलेल्या टाळ्या

मी, आनास्तासिओ रेकाल्दे, वय चौऱ्याहत्तर, अविवाहित, धंदा दातांच्या कवळ्या बनवणे (आता बंद), राहणार आरोयो मान्सो, पॅराग्वे, हे मृत्युपत्र राजीखुशीने आणि पूर्ण शुद्धीवर असताना करत आहे. माझ्यावर कुणाचाही दबाव नाही. दबाव आणण्याइतकं जवळचं मला कुणी नाही, हे वाक्य नोटरीबाईंनी काढायला सांगितलं होतं, पण ते खरं असल्यामुळे राहू दिलं आहे. या आधीचं माझं मृत्युपत्र म्हणून कुणी कागद पुढे केल्यास तो खोटा समजावा.

कलम १. साचे, कानशी, मेणाचा डबा आणि पायाने चालवायचं घासयंत्र गावातल्या नव्या दंतवैद्यबाईंना द्यावं. या गावातली निम्मी म्हातारी माणसं माझ्या दातांनी हसतात. त्यातली बरीच मलाच हसत आली आहेत. दात हलत नाहीत ना, एवढंच मी बघत आलो.

कलम २. माझा भाचा फुलहेन्सिओ राजधानीत असतो. नऊ वर्षांत तो एकदा आला, तेव्हा त्याने तब्येत विचारायच्या आधी अंगणाची रुंदी मोजली. इथे गाड्या उभ्या करायला छान जागा होईल, असं त्याचं म्हणणं पडलं. जाताना तो मोजपट्टी विसरून गेला. ती त्याला परत करावी. बाकी काही नाही.

कलम ३. माझा तुबा हारुओ मियासातो यांना द्यावा. ज्यांनी तुबा पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगतो: हे मिठी मारून धरायचं अवाढव्य पितळी वाद्य असतं. बँडमध्ये बाकीचे गाणं वाजवतात आणि तुबावाला सगळ्यांच्या मागे बसून नुसतं भुप-भुप करतो. मी एकतीस वर्षं भुप-भुप केलं. हारुओ अंडी विकायला म्हणून माझ्या ओसरीवर आले आणि बसले ते अजून दर रविवारी बसतात. मी वाजवायला लागलो की ते कानातलं यंत्र काढून खिशात ठेवतात. इतका प्रामाणिक श्रोता मला दुसरा मिळाला नाही, आणि तुबाचा ज्यांना त्रास होणार नाही असे गावात तेच एक आहेत. त्यात ते अंडी ठेवणार आहेत, असं त्यांनी मोकळेपणाने सांगितलं आहे. माझी हरकत नाही.

कलम ४. बँडमास्तर क्रिसांतो व्हेरा यांना काहीही देऊ नये. एकोणऐंशी साली बँडचा फोटो निघाला तेव्हा त्यांनी मला झेंड्यामागे उभं केलं. फोटोत माझं फक्त तुबाचं तोंड आहे. त्या वर्षीच्या मिरवणुकीत त्यांनी मला "नुसते गाल फुगव, फुंकू नकोस" असंही सांगितलं होतं. त्यांची वरची कवळी मी केलेली आहे. 'स' म्हणताना ती शिट्टी मारते. ते माझ्या हातून चुकून झालेलं नाही, हे आज कबूल करतो.

कलम ५. घर, अंगण, आंब्याचं झाड, चार खुर्च्या आणि फाटक इलारिया सायास यांना द्यावं. याचं कारण लिहिणं भाग आहे, नाहीतर भाचा कोर्टात जाईल.

मला लोकांसमोर एकट्याने वाजवायचा संकोच. म्हणून मी रविवारी दुपारी, सगळं गाव झोपलेलं असताना, खिडकीशी बसून सराव करायचो. गावाची दुपारची झोप मोडणं म्हणजे काय, हे मला तेव्हा सुचलंच नाही. रस्त्यावर कुणी नाही म्हणजे ऐकायला कुणी नाही, असा माझा हिशेब. सत्त्याऐंशी साली एका रविवारी भुप-भुप संपलं आणि बाहेर टाळ्या वाजल्या. पाहिलं तर शेजारच्या शिवणकाम करणाऱ्या इलारियाबाई फाटकाशी उभ्या. मी उठलो, कमरेत वाकून नमस्कार केला आणि लाजून खिडकी लावून घेतली. पुढच्या रविवारी पुन्हा तसंच. असे सतरा रविवार गेले.

या देशात दारावर आलेला माणूस फाटकाशी टाळ्या वाजवतो, हे लहान मूलही जाणतं. मीही जाणत होतो. पण माझ्याकडे कुणी येईल, हे माझ्या डोक्यात येणंच शक्य नव्हतं. त्यापेक्षा भुप-भुपला दाद मिळाली, हे मला पटलं.

अठराव्या रविवारी माझी दाढ सुजली होती. मी वाजवलं नाही. तरी तीन वाजता टाळ्या वाजल्या. मी गाल धरून बाहेर गेलो.

"मी आज वाजवलं नाही," मी म्हणालो.

"माहीत आहे. म्हणून तर आले. बरं नाही का?"

"मग टाळ्या कशाला?"

"तुमच्या फाटकाला घंटा कुठे आहे?"

मी फाटक वरपासून खालपर्यंत तपासलं. घंटा नव्हती. मग विचारलं, "आणि इतके रविवार?"

"पहिल्या रविवारी वाजवणं बंद करा म्हणायला आले होते."

"आणि नंतरचे सोळा?"

त्या सहा फूट उंच आहेत. नाचाच्या कार्यक्रमात त्यांना आजवर कुणी विचारलेलं नाही. त्या खाली बघत म्हणाल्या, "तुम्ही वाकत होतात ना. मला नेहमी सगळे वाकायलाच सांगतात हो. माझ्यापुढे कुणी वाकलेलं मी कधी पाहिलं नव्हतं."

मी फाटक उघडलं. तेव्हापासून त्या दर रविवारी येतात, तेरेरेचा, म्हणजे इकडच्या पाल्याच्या गार काढ्याचा, पेला आमच्यात फिरतो आणि आम्ही फारसं बोलत नाही. मला दाद नकोच होती, कुणीतरी यायला हवं होतं, हे मला त्या दिवशी कळलं. वाजवणं मी बंद केलं नाही, त्यांनीही पुन्हा तसं सुचवलं नाही.

कलम ६. इलारियाबाई मला फार आवडतात. बावीस वर्षांत हे सांगायचं जमलं नाही. त्या हे वाचतील तेव्हा मी नसेन, म्हणून एवढा धीर झाला. माझ्या प्रेतयात्रेत बँड नसावा. हारुओंनी यंत्र काढून ठेवलं तरी चालेल. कबरीशी उभं राहून दोघांनी तीन टाळ्या वाजवाव्यात. मी त्याचा हवा तो अर्थ लावीन.

साक्षीदारांविषयी खुलासा. ज्याला मृत्युपत्रातून काही मिळतं तो साक्षीदार चालत नाही, असं नोटरीबाई म्हणाल्या. माझ्या ओळखीची माणसं दोन, आणि दोघांनाही मी काही ना काही देतो आहे. शेवटी बँडमास्तरांना बोलावलं. त्यांना काहीही न देण्याचा हा एक फायदा झाला. दुसरे साक्षीदार समोरच्या बेकरीचे.

पुरवणी, आजच्याच तारखेची. कायद्याप्रमाणे नोटरीबाईंनी हे सगळं साक्षीदारांसमोर मोठ्याने वाचलं. बाईंचा आवाज खणखणीत आहे आणि इलारियाबाईंची भिंत माझ्या ओसरीला लागून आहे, हे माझ्या ध्यानात आलं नाही. कलम ६ वाचून झालं आणि फाटकाशी टाळ्या वाजल्या. आज मंगळवार आहे. मंगळवारी त्या कधीच येत नाहीत. बँडमास्तर म्हणाले, "बसलायस काय असा, रेकाल्दे? ऊठ की. तुझ्याकडे आलंय कुणीतरी." मी फाटक उघडायला जात आहे. सही आल्यावर करीन.

सही: आनास्तासिओ रेकाल्दे (फाटकावरून परत आल्यावर, एक तास दहा मिनिटांनी)

साक्षीदार पहिला: क्रिसांतो व्हेरा. कलम ४ ऐकलं. शिट्टीचा मला संशय होताच.

साक्षीदार दुसरा: तेओदुल्फो ओहेदा, बेकरीवाले. तासभर थांबलो. पाव करपले.

स्थळ: आरोयो मान्सो, माझी ओसरी. मंगळवार, १० नोव्हेंबर २००९. खुर्च्या चार, माणसं पाच. मी उभा आहे.