लिंबूटिंबू बाद होत नाही

३ एप्रिल

पोचले एकदाची! सेऊलहून बसने साडेतीन तास, त्यातला शेवटचा तास नुसती वळणं. पण शाळा दिसली आणि सगळा शीण गेला. ज्या शाळेत मी अक्षरं गिरवली तीच ही शाळा. खोऱ्यातल्या कोळशाच्या खाणी बंद पडल्या, माणसं गेली, पोरं संपली, मग शाळेलाही कुलूप लागलं. आता मालिकावाल्यांनी ती अशी गुलाबी रंगवली आहे की आमचे हेडमास्तर बघते तर दारातच आडवे झाले असते.

एकसष्टाव्या वर्षी नोकरी लागली, आणि हुद्दा काय, तर खेळशिक्षिका! पस्तीस वर्षं प्राथमिक शाळेत घासली तेव्हा निवृत्तीला एक भिंतीवरचं घड्याळ हातात ठेवलं. इथे मात्र 'बान बाई, तुमच्याशिवाय पान हलणार नाही.' मालिका अशी आहे की मोठी माणसं लहान मुलांचे खेळ खेळतात आणि जो हरतो तो मरतो. लोकांना सध्या असलंच लागतं. फक्त आजकाल कुणाला रबराच्या दोरीवर धड उडी मारता येत नाही, म्हणून मला आणलं.

दिग्दर्शक प्यो साहेब चाळिशीचे, टोपी डोक्यावरून काढत नाहीत. म्हणाले, लहानपणी सगळे किती निरागस असतात, नाही का बाई? मी म्हटलं, साहेब, तुम्ही मधल्या सुट्टीत कधी मैदानावर उभे राहिलेले दिसत नाही.

४ एप्रिल

हरणाऱ्यांच्या गर्दीसाठी खोऱ्यातलेच चाळीस जण घेतले आहेत. त्यात माझी धाकटी बहीण युन-जा आहे. छप्पन्न वर्षांची, पुलापलीकडे कपडे शिवायचं दुकान चालवते. आवाज घोगरा, खोकला जुना, जीभ तिखट. आम्ही वर्षातून एकदा भेटतो, आईच्या श्राद्धाला. नैवेद्याची ताटं मांडतो, उचलतो, आणि आपापली बस पकडतो. मला बघून म्हणाली, ताई, तू आहेस म्हणून आले नाही हो, दुकानात गिऱ्हाईक नाही म्हणून आले. बरं म्हटलं.

शूटिंग संपेपर्यंत सगळ्यांनी इथेच राहायचं. आमचा मुक्काम दुसरीच्या वर्गात, दाराबाहेर चपला-बुटांची ही लांब रांग. माझ्या शेजारी निवृत्त बसड्रायव्हर मो यांचे लाल नाडीचे बूट आहेत. मो म्हणजे चालतंबोलतं आकाशवाणी केंद्र. आयुष्यभर लोकांना वेळेवर पोचवलं, म्हणतात, आता मरायचंय तर तेही वेळेवर मरून दाखवतो.

प्यो साहेबांनी मला फळ्यावर खेळाचे नियम लिहायला सांगितले, या खोऱ्यात आम्ही पाळायचो तेच. मी माझ्या वळणदार अक्षरात तीन लिहिले.

खेळ अर्ध्यावर टाकून जाणारा बाद.
ज्याच्यावर राज्य तो 'हरलो' म्हणाला की तो बाद, आणि लपलेले सगळे सुटले.
लिंबूटिंबू कधी बाद होत नाही.

साहेब इतके खूश झाले की खडूच्या अक्षरांवरून लगेच पांढऱ्या ऑइलपेंटने गिरवून घेतलं. युन-जाने तिसरा नियम वाचला आणि वर्गाबाहेर गेली.

५ एप्रिल

कारण लिहून टाकते, नाहीतर डोक्यात घोळत राहील. आमच्याकडे लिंबूटिंबूला मुळ्याची फोड म्हणतात. किमची घालताना उरलेले मुळ्याचे तुकडेही बरणीत जातात, तसं ते पोरही खेळात घ्यायचं. युन-जा कायम मुळ्याची फोड होती. तिला बरोबर नेल्याशिवाय आई मला खेळायला सोडायची नाही. ती अजून मुळ्याच्या किमचीला हात लावत नाही. आज जेवतानाही स्वयंपाकाच्या मावशीला म्हणाली, माझ्या ताटात ते नको हं. मावशी भली बाई आहे. कुणाला काय चालतं, काय चालत नाही, एकदा सांगितलं की विसरत नाही.

ताटं एक्केचाळीस. चाळीस त्यांची, एक माझं.

८ एप्रिल

पहिलं शूटिंग. रबरावरच्या उड्या, त्याही अनवाणी. मी शिट्टी वाजवायची आणि ज्याचा पाय अडकला त्याचं नाव पुकारायचं. छातीवरची रंगाची पिशवी फुटते आणि माणूस आडवा होतो. नऊ जण बाद. मो तिसऱ्याच उडीला गेले, आणि काय मेले! एक डोळा उघडून मला विचारतात, कसं वाटलं बाई? हसून माझ्या पोटात दुखायला लागलं. रंग धुवायला सगळे नळावर गेले.

संध्याकाळी ताटं बत्तीस. बाद झालेल्यांचं काम संपलं, घरी गेले असतील. पण मो न सांगता गेले याचं मला वाईट वाटलं. निरोप घ्यायची एवढी तरी रीत असते.

९ एप्रिल

नऊ जोड दाराबाहेर तसेच आहेत. त्यात लाल नाडीचे बूटही.

माणूस छत्री विसरेल, दात विसरेल, पण बूट न घालता कुणी घरी जाईल का? प्यो साहेबांना विचारलं. कोण मो, म्हणाले. यादी दाखवली. यादीत एकतीस नावं, खाडाखोड नाही, रिकामी जागा नाही. मी शिट्टी वाजवून ज्यांची नावं पुकारली ती नऊ माणसं कधी आलीच नव्हती म्हणे. बरोबरच्या बायकांना विचारलं तर त्या माझ्याकडे अशा बघायला लागल्या, जशी मी माझ्या वर्गातल्या खोटारड्या पोरांकडे बघायचे.

युन-जाला थोडंसं आठवतंय. कुणीतरी हसवायचं ना गं, म्हणाली.

१० एप्रिल

मी युन-जाला म्हटलं, चल, सामान भर, निघू. आमच्यापुढे एक बाई निघाली होती, हिरवी छत्री घेऊन, पावसाचं चिन्ह नसताना. नातवाला बघून येते म्हणाली. पुलाच्या मध्यावर पोचली. आम्ही दोघी बघत होतो. मग पुलावर नुसती छत्री होती.

खेळ अर्ध्यावर टाकून जाणारा बाद. माझंच अक्षर.

आम्ही परत फिरलो. फळा खरवडायला गेले तर नखं तुटली, रंग निघाला नाही. साहेब लांबून बघत होते, म्हणाले, नियम तुमचेच आहेत ना बाई, मग एवढं काय?

१२ एप्रिल

आज कोल्ह्याचा खेळ. कोल्हा पाठ करून बसतो. सगळे त्याला विचारतात, काय खातोस, ते जिवंत आहे की मेलेलं? जिवंत म्हणाला तर पळायचं, मेलेलं म्हणाला तर जागच्या जागी थिजायचं. जो हलला तो गेला.

खेळायला तीस. दुपारी जेवणघरात डोकावले तर मावशी रात्रीची ताटं मांडून बसली होती. चौदा. मी ओरडलेच, अहो, चौदाच का? ती बिचारी गोंधळली. माहीत नाही हो बाई, म्हणाली, हाताला येतात तेवढी घेते, आजवर माझं अन्न कधी वाया गेलं नाही.

सोळा जण बाद केले मी. शिट्टी वाजवली नाही तरी घशातून नाव आपोआप बाहेर येत होतं. सगळ्यात शेवटी युन-जा हलली. तिला तिचा तो खोकला आला. तिचं नाव माझ्या दातांपर्यंत आलं होतं. मी जीव खाऊन ओरडले, ती लिंबूटिंबू आहे! तिला धरायचं नाही!

आणि तिला काही झालं नाही. उभी राहिली. माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. पण तिने माझ्याकडे जे बघितलं ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. जवळ आली आणि म्हणाली, ताई, हरू द्यायचं होतंस मला. एकदा तरी मला खेळात धरायचं होतंस.

जेवायला आम्ही पंधरा जण, आणि ताटं चौदा.

१३ एप्रिल

तिला कुणी बघत नाही. मावशी तिच्या अंगावरून हात लांब करून मीठ घेते. तिचं अंथरूण कुणीतरी गुंडाळून कपाटात टाकलं. यादीत नाव नाही. माझ्या ताटातलं अर्धं मी तिला देते, ती भिंतीकडे तोंड करून खाते. मेली नाही, पण खेळातही नाही.

मी तिला वाचवलं. रात्रंदिवस हेच घोकते आहे. मी तिला वाचवलं ना?

१५ एप्रिल

उद्या लपंडाव. राज्य माझ्यावर. साहेब म्हणाले, शेवटचा खेळ बाईंचा.

आता ते लिहायलाच हवं. मी अकरा वर्षांची, ती सहा. याच मैदानावर लपंडाव, राज्य माझ्यावर. बाकीचे सगळे सापडले, युन-जा सापडेना. हरले म्हटलं असतं तर ती हसत बाहेर आली असती. पण मी वर्गाची मॉनिटर! मी कधी हरले म्हटलं नव्हतं. शिवाय ती तर लिंबूटिंबू. तिला शोधलं काय, न शोधलं काय, खेळात फरक पडत नव्हता. आम्ही सगळे घरी गेलो. ती शाळेमागच्या कोळशाच्या खोलीत बसली होती, आणि दाराची कडी बाहेरून पडली होती. जानेवारी महिना. दुसऱ्या दिवशी शिपायाने दार उघडलं. तेव्हापासून तिचा आवाज असा आहे. आईने विचारलं तेव्हा मी सांगितलं, ती खेळायला आलीच नव्हती.

लिंबूटिंबूला कुणी शोधत नाही. हे माझ्यापेक्षा जास्त कुणाला माहीत असणार? तरी तेच केलं.

१६ एप्रिल, सकाळ

युन-जा दिसत नाही. अंथरुणात नाही, नळावर नाही. कॅमेऱ्यांचे लाल दिवे लागलेत. त्यांच्यामागे माणसं आहेत का, बघायची हिंमत नाही.

शंभर आकडे मोजले.

१६, अकरा वाजता

मी फक्त तिला शोधतेय. कपाट उघडलं, आत दुसरीच बाई. टेबलाखाली म्हातारा. ज्याच्यावर नजर पडते त्याचं नाव तोंडातून जातं, आणि मग नुसते बूट. माफ करा, मी तुम्हाला शोधत नव्हते —

आठ.

अकरा.

१६, दुपार

तेरा. सगळे संपले. आत्ता लक्षात आलं, आत्ता, सगळे संपल्यावर. पहिल्याच मिनिटाला हरले म्हटलं असतं तर ते तेरा जण सुटले असते. नियम डोळ्यांसमोर फळ्यावर होता. मला सुचलंच नाही. नाही, खोटं का लिहू? सुचलं होतं. भीती वाटली. माझ्या जिवाची.

जेवणघरात गेले. रात्रीसाठी एकच ताट मांडलंय. माझंच, असं आधी वाटलं. हायसं वाटलं, लाज वाटत नाही लिहायला, हायसंच वाटलं. मग जवळ जाऊन बघितलं.

ताटातला मुळ्याच्या किमचीचा खण रिकामा.

१६

कोळशाच्या खोलीसमोर बसलेय. कडी काढली, आत गेले, हात फिरवला. नुसता कोळसा. पण खोकला ऐकू येतो. इथेच आहे. सापडलीस म्हटलं, तीन वेळा. लिंबूटिंबूला सापडलीस म्हणून काही होत नाही.

वही दारात ठेवतेय. युन-जा, बाहेर आलीस की वाच. मो नावाचे एक ड्रायव्हर होते, लाल नाडीचे बूट. हिरवी छत्री होती. कुणीतरी आठवायला हवं. आईला मी खोटं सांगितलं होतं. तू आली होतीस खेळायला. तू खूप छान लपली होतीस.

ताटातलं गार व्हायच्या आत जेव. यादीत आता तुझं नाव असेल, बघ जाऊन.

एवढासा तर शब्द —

युन-जा, ये बाहेर. ताई हर