बाई बोलली की घरघर

मंगळवार, समुद्रपूर. जेवणं झाल्यावर.

आज मी साउंड केलेला मालिकेचा एपिसोड टीव्हीवर लागला. त्यातली बाई बोलायला तोंड उघडते आणि शब्दांऐवजी कापसाच्या जिनिंगच्या मशीनची घरघर ऐकू येते. तिच्या घरातल्या कुणालाच त्याचं काही वाटत नाही. दिग्दर्शक म्हणत होता, घरघरीखाली तिचा खरा आवाज थोडा तरी ठेव. नाही ठेवला. बरोबरच केलं मी.

पण बाबा! घरघर सुरू झाली तसे उठले आणि गच्चीवर जाऊन डिशची छत्री फिरवू लागले. समजवायला हवं होतं का आधी? छे, कशाला?

बाबांनी वरून विचारलं, "आला का आवाज?"

आईने टीव्हीवरची नजरही हलवली नाही. "आवाज कवाचाच येऊन राह्यला. तुमीच खाली या."