गव्हाला लावलेलं लाल लेबल

तीर्थरूप शालनमामी,

तुमच्या एकुलत्या एक (आणि सध्या नावडत्या) जावयाचा, म्हणजे भीमराजचा, कुरुळीहून दोन्ही हात जोडून नमस्कार. गुडघ्याची कुरकुर कमी झाली का? मामांनी तंबाखू सोडली, की अजून नुसतीच सोडायची चालू आहे? आम्ही इकडे सुखरूप आहोत. (सुखरूप म्हणजे जेवायला मिळतं, बोलायला कुणी मिळत नाही.) आजकाल पत्र कोण लिहितं, असं तुम्हाला वाटेल, पण घरच्या ग्रुपवरून तुम्ही मला काढलंत, फोनही उचलत नाही, तेव्हा पोस्टमनशिवाय माझा वाली कोण?

तर विषय गव्हाचा. पंधरा दिवसांपूर्वी माझ्या हातून जे घडलं ते रागानं नव्हे, सवयीनं घडलं. बारा वर्षं झाली, चाकणच्या कंपनीत मी माल तपासतो. माल खराब निघाला की त्याला लाल लेबल लावायचं, फोटो काढायचा आणि ज्याचा माल त्याला पाठवायचा. हात आपोआप चालतात. तुमच्या गव्हाचं पोतं उघडलं तर आत तपकिरी किडे तुरुतुरु पळताना दिसले. लगेच लेबल! ‘माल नापास. पुरवठादार : शालनबाई, भूम. खुलासा आठ दिवसांत करावा.’ फोटो ग्रुपवर गेला. त्या ग्रुपवर तुमच्या तीन जावा, दोन नणंदा आणि साक्षात माझी आई आहे, हे माझ्या ध्यानात येईपर्यंत सगळ्यांनी तो वाचला होता. (आईनं फोटोखाली अंगठासुद्धा दाखवला. तिला वाटलं, गहू पोचल्याची पावती आहे.)

पुढचे आठ दिवस तुमच्या लेकीनं, जयमालानं, मला दुकानच्या पिठाच्या पोळ्या वाढल्या, त्याही न बोलता. शेवटी मूठभर गहू आणि एका डबीत चार किडे घेऊन मी गावातल्या सुमनताईंच्या गिरणीवर गेलो. सोबत कंपनीचं भिंगही नेलं होतं. ताईंनी भिंगाला हातही लावला नाही. गहू नाकाशी नेला, तोंड वाकडं केलं आणि म्हणाल्या, “भोक पडलेला दाणा दाव बरं एक तरी! न्हाई ना? मग ह्यो गहू खाणारा किडा न्हाई. त्याला सोंड असती, ह्याला हाय का? ह्यो बुरशी खातो. गव्हाला कुबट वास आला की ह्यो हजर. किड्याला कशाला बोल लावतो? वल कुठनं आली ते बघ आधी.” मी भिंगातून पाहिलं. खरंच सोंड नव्हती. अंगावर बारीक लव असलेला, जेमतेम मोहरीएवढा जीव; त्यानं तुमच्या एका दाण्यालाही तोंड लावलं नव्हतं, आणि मी त्याच्यापायी सासुरवाडी गमावून बसलो होतो.

आमच्या कंपनीत दोष सापडला की पाच वेळा ‘का’ विचारायची पद्धत आहे. घरी येऊन सुरुवात केली. किडे का? बुरशी धरली म्हणून. बुरशी का? ओल कोंडली म्हणून. ओल का कोंडली? पोत्याला प्लास्टिकची फिल्म गुंडाळली होती म्हणून. इथं मी थांबलो, पण जयमाला थांबली नाही. मामी, झालं असं, की टेम्पो येताना वाटेत अवकाळी पाऊस लागला आणि पोतं बुडाशी भिजलं. जयमाला म्हणत होती, गच्चीवर पसरून दोन दिवस ऊन दाखवू. मी म्हटलं, ऊन कसलं दाखवतेस, आम्ही परदेशात माल पाठवतो! आणि कंपनीतून मागून आणलेली फिल्म ओल्या पोत्याला अकरा वेढे गुंडाळली. मुंगीच्या बापालाही आत शिरता येऊ नये म्हणून. मुंगी नाही शिरली, पण ओलही बाहेर पडली नाही.

बुडाचा काळपट, कुबट गहू टाकून दिला. वरचा कोरडा, चांगला गहू निवडून, कडक उन्हात वाळवून डब्यात भरला. तुमच्या दाण्यात तिळाएवढाही दोष नव्हता, दोष माझ्या शहाणपणात होता. मामी, खरंच लाज वाटते हो. तुम्ही चार दिवस बसून निवडलेला गहू, आणि मी त्याला नापास करतो! लेकराला पदरात घ्या.

मामांना नमस्कार.

तुमचा,
भीमराज

ता. क. : हे पत्र धोंड्याच्या महिन्याआधी पोचावं म्हणून घाईनं टाकतोय, असा कृपया अर्थ काढू नये. (तेहेतीस अनारसे मला एकट्याला तसेही जास्तच होतात.)

आणखी ता. क. : धोंड्याचं बोलावणं राहू द्या. खरं सांगायचं ते वेगळंच. तुमचा फोन रोज सकाळी साडेआठला यायचा. जयमाला अजून त्या वेळेला कणीक मळायला घेत नाही, पिठाच्या हातानं फोन उचलता येत नाही म्हणून. स्वतः होऊन ती फोन करायची नाही. हा हट्ट तिनं कुणाकडून घेतला ते मी लिहीत नाही. तेवढा तिला फोन करा. मला काय शिव्या द्यायच्या त्या मोकळेपणानं द्या. ती फोन स्पीकरवर लावते, मी तोवर आंघोळीला जाईन.